गिअरबॉक्स उतरवलाच आहे, तर फ्लायव्हील मोजल्याशिवाय परत चढवू नका

डिसेंबर उजाडला की आमच्या वाईच्या गॅरेजमध्ये क्लचची कामं एकामागून एक येतात. वर भिलार, पाचगणी, महाबळेश्वर पट्ट्यात स्ट्रॉबेरीचा तोडा सुरू झालेला असतो, त्यात नाताळच्या सुट्टीची गर्दी, आणि पसरणी घाटात गाड्यांची रांग. चढावर हँडब्रेक न ओढता हाफ क्लचवर गाडी धरून ठेवायची सवय बहुतेकांना असते. वळणावर दोन मिनिटं उभं राहिलं तरी जळक्या क्लच प्लेटचा वास नाकात जातो. प्लेट जळते हे सगळ्यांना कळतं. पण ती प्लेट ज्याच्यावर घासते ते बिडाचं जड चाक, फ्लायव्हील, तेही त्याच उष्णतेत भाजून निघतं, हे फार कमी लोकांच्या लक्षात येतं. नवी प्लेट टाकूनही महिन्याभरात गाडी पुन्हा थरथरायला लागते ती बऱ्याचदा यामुळेच.

गेल्या जानेवारीत आलेल्या एका बोलेरो पिकअपच्या आधाराने सांगतो. जुनं, चार सिलिंडरचं अडीच लिटरचं डिझेल इंजिन. मालक भिलारचे, वयाने मोठे, म्हणून मी त्यांना मामाच म्हणतो. त्यांच्या दोन तक्रारी होत्या. भरलेल्या क्रेट घेऊन पहिल्या गिअरला उचलताना सगळी गाडी थरथरते. आणि सकाळी कधीकधी सेल्फ नुसताच घिर्र करून फिरतो, इंजिन फिरतच नाही. गाडी गिअरमध्ये टाकून वीतभर ढकलली की पुढच्या वेळी मात्र चालू होते. सेल्फ दोनदा दुसरीकडे दुरुस्त करून झाला होता.

ही दुसरी तक्रार ऐकली तेव्हाच माझा अंदाज बांधून झाला होता. फ्लायव्हीलच्या कडेला दात्यांची एक रिंग बसवलेली असते, सेल्फचं छोटं दातचक्र तिच्यात अडकून इंजिन फिरवतं. चार सिलिंडरचं इंजिन बंद होताना कॉम्प्रेशनला अडून थांबतं, आणि ते साधारण ठरलेल्या दोनच जागी थांबतं, एकमेकींच्या बरोबर समोर. म्हणजे सेल्फचा पहिला दणका वर्षानुवर्षं त्याच दोन ठिकाणच्या दातांवर बसतो. तीन सिलिंडरच्या इंजिनात अशा जागा तीन असतात. तिथले दात झिजले की सेल्फला पकड मिळत नाही. गाडी ढकलली की रिंग थोडी सरकते, चांगले दात समोर येतात, आणि गाडी लगेच चालू होते. सेल्फ कितीही वेळा बदला, रिंग खराब असेल तर उपयोग नाही.

थरथरीचं मात्र असं एका वाक्यात निदान होत नाही. गिअरबॉक्स उतरवायच्या आधी बाकीच्या शंका फेडून घ्या, कारण त्या सगळ्या फुकटात तपासता येतात.

सगळ्यात आधी इंजिनचे माउंटिंग रबर. बॉनेट उघडा, हँडब्रेक ओढा, चाकांना पुढून-मागून ठोकळे लावा. जोडीदाराला पहिल्या गिअरला क्लच जरासा सोडायला सांगा, मग रिव्हर्सला. तुम्ही बाजूला उभे राहा, गाडीच्या समोर किंवा मागे कधीही नाही. इंजिन एका बाजूने उडी मारल्यासारखं उचललं गेलं तर रबर फाटलंय. अशा कितीतरी गाड्या मी फक्त माउंटिंग बदलून परत पाठवल्यात. मग गाडीखाली जाऊन, गिअरबॉक्सपासून मागच्या चाकांकडे जाणाऱ्या दांड्याचे, म्हणजे प्रोपेलर शाफ्टचे, क्रॉस (सांधे) हाताने हलवून बघा. क्रॉसमध्ये ढिलेपणा असेल तर गाडी उचलताना टक् असा आवाज येतो आणि मागून धक्का बसतो.

पुढे तेल. क्लचला झाकणारी घंटेसारखी खोळ, म्हणजे बेल हाउसिंग, तिच्या तळाला फट किंवा छोटं भोक असतं. तिथे बोट फिरवा. काळं पातळ तेल लागलं तर इंजिनच्या मागच्या ऑइल सीलमधून गळतंय. जाडसर, गंधकासारखा उग्र वास असलेलं तेल लागलं तर ते गिअर ऑइल, गिअरबॉक्सच्या पुढच्या सीलमधून येतंय. दोन्हीत प्लेटला तेल लागतं आणि ती धरते-सोडते, धरते-सोडते. सील न बदलता नवं फ्लायव्हील टाकलं तर तेही त्याच तेलात न्हाणार.

क्लच स्लिप होतो का, हे सपाट जागेवर बघा. हँडब्रेक घट्ट, तिसरा गिअर, रेस थोडी वाढवून क्लच सोडा. इंजिन जागच्या जागी बंद पडलं पाहिजे. ते फिरतच राहिलं तर प्लेट घसरतेय. ही तपासणी एकदाच करायची. खात्रीसाठी चार वेळा केलीत तर उरलीसुरली प्लेटही जाईल.

आवाज ऐकताना गाडी न्यूट्रलला ठेवा. क्लच दाबल्यावर आवाज सुरू झाला तर रिलीज बेअरिंग, म्हणजे पॅडल दाबलं की क्लच सोडवणारं बेअरिंग. क्लच सोडलेला असताना आवाज आहे आणि दाबल्यावर थांबतो, तर साध्या फ्लायव्हीलच्या गाडीत बहुतेक वेळा गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टचं, म्हणजे क्लच प्लेटमधून जाणाऱ्या दांड्याचं, बेअरिंग. स्कोडा लॉरा डिझेलसारख्या गाड्यांत मात्र ड्युअल मास फ्लायव्हील येतं. त्यात दोन चाकं एकमेकांवर बसवलेली असतात आणि मध्ये स्प्रिंगा. त्या स्प्रिंगा थकल्या की आयडलला डबा वाजल्यासारखी खडखड येते, क्लच दाबला की तीही बदलते, आणि इंजिन बंद करताना शेवटी खाडकन आवाज येतो. म्हणून अशा गाडीत आवाजावरून लगेच बेअरिंगवर खापर फोडू नका.

मामांच्या गाडीत माउंटिंग ठीक, क्रॉस ठीक, खाली तेलाचा थेंब नाही. थरथर पुढच्या आणि रिव्हर्स दोन्ही गिअरला, आणि इंजिन तापल्यावर जास्त. मग गिअरबॉक्स उतरवायचं ठरलं.

उतरवण्याचं काम मेहनतीचं आहे, पण अवघड नाही. बॅटरीची निगेटिव्ह वायर आधी काढायची, कारण सेल्फची जाडी वायर सोडताना पाना चेसिसला टेकला तर ठिणगी उडते. गाडी जॅकवर नाही, मजबूत स्टँडवर उभी करायची. जॅकवर उभ्या असलेल्या गाडीखाली माझ्या गॅरेजमध्ये कुणी जात नाही, पाच मिनिटांच्या कामालाही नाही. प्रोपेलर शाफ्टच्या दोन्ही फ्लँजवर खडूने किंवा छिन्नीने खूण करा, म्हणजे बसवताना तो तसाच बसेल. शाफ्ट नुसता ओढून निघणारा असेल तर गिअरबॉक्सच्या शेपटाला जुनी टोपी नाहीतर प्लॅस्टिक घट्ट बांधा, नाहीतर गिअर ऑइल अंगावर येतं. केबिनमधून गिअरचा दांडा, रिव्हर्स लाइटच्या वायरी, स्पीडोमीटरची केबल, सेल्फ, असं एकेक सोडवा. क्लचचा तेलाच्या दाबावर चालणारा स्लेव्ह सिलिंडर असेल तर त्याचा पाइप न सोडता तारेने बाजूला बांधा, एअर काढायचं काम वाचतं. बेल हाउसिंगचे वरचे बोल्ट दिसत नाहीत, लांब एक्स्टेंशनला गोटी (सॉकेट) लावून हाताच्या अंदाजाने सोडावे लागतात.

यात एकच गोष्ट जीव लावून सांभाळायची. गिअरबॉक्सचा भार एक क्षणही इनपुट शाफ्टवर टांगू द्यायचा नाही. गिअरबॉक्स जॅक नसेल तर दोघांनी मिळून धरा आणि सरळ मागे ओढा. काढताना तिरका झाला तर चालून जातं असं वाटतं, कारण प्लेट बदलायचीच असते. पण बसवतानाही हात त्याच सवयीने चालतात, आणि तेव्हा नव्या प्लेटचा हब वाकतो.

क्लच प्लेटला फ्लायव्हीलवर दाबून धरते ती प्रेशर प्लेट; तिचे बोल्ट समोरासमोरचे घेऊन अर्धा-अर्धा फेरा करत ढिले करा. प्लेट निघाली की धुळीवर हवेची नळी मारू नका. जुन्या प्लेटांच्या अस्तरात ॲस्बेस्टॉस असू शकतं, ती धूळ फुप्फुसात जाते. ओल्या फडक्याने पुसून घ्या.

आता फ्लायव्हील समोर आलं. इथे घाई करणाऱ्या माणसाचं अर्धं काम वाया जातं, म्हणून मी पोरांना सांगतो की चहा आधी पिऊन या, मग हात लावा.

ब्रेक क्लीनरने तोंड, म्हणजे प्लेट घासते ती बाजू, स्वच्छ पुसा आणि गाडीबाहेर काढायच्या आधीच दिवा तिरका धरून बघा. चांगलं फ्लायव्हील एकसारखं राखाडी चमकतं. मामांच्या गाडीचं तसं नव्हतं. रुपयाच्या नाण्याएवढे निळे-जांभळे डाग गोल रांगेत उमटलेले, आणि त्यांच्या मधून बाहेरच्या कडेकडे जाणाऱ्या केसासारख्या बारीक रेघा. बाहेरून बघितलं तर ओरखडेच वाटतात. नख आडवं फिरवलं की फरक समजतो. ओरखड्यावरून नख सरकतं, तड्यात ते जरासं अडकतं. एका ठिकाणी नख कडेपर्यंत अडकत गेलं.

निळा डाग म्हणजे तिथलं बीड इतकं तापलं की त्याचा पोतच बदलला. तो भाग आजूबाजूच्या बिडापेक्षा कडक होतो. धंद्याच्या सुरुवातीला मला हे माहीत नव्हतं. एका जीपच्या फ्लायव्हीलवर असेच डाग होते, मी पॉलिश पेपरने घासून तोंड चमकवलं, नवी प्लेट बसवली आणि गाडी दिली. वीस दिवसांत ती परत आली, तशीच थरथरत. डाग दिसेनासे झाले होते, गेले नव्हते. कडक उंचवट्यांवर नवी प्लेट आदळत होती. गिअरबॉक्स पुन्हा उतरवला, मजुरी मी सोसली, आणि त्या दिवसापासून मोजल्याशिवाय एकही फ्लायव्हील माघारी चढवलेलं नाही.

मोजायला दोन हत्यारं लागतात. पहिलं, सरळ पट्टी आणि फिलर गेज, म्हणजे फट मोजायच्या पातळ पट्ट्या. पट्टी तोंडावर आडवी ठेवून मध्ये किती खोलगट झालंय ते बघा, दोन-तीन दिशांनी. दुसरं, डायल गेज, म्हणजे बारीकसा चढउतारही काट्यावर दाखवणारं घड्याळ. त्याचा चुंबकाचा स्टँड इंजिनच्या मागच्या तोंडाला पक्का बसवा, टोक फ्लायव्हीलच्या घासणाऱ्या भागाच्या बाहेरच्या बाजूला टेकवा आणि क्रँक, म्हणजे फ्लायव्हील ज्यावर बसतं तो इंजिनचा दांडा, हाताने पूर्ण एक फेरा फिरवा. फिरवताना फ्लायव्हील एकाच दिशेने, आत दाबूनच धरायचं, नाहीतर क्रँकचा पुढे-मागे असलेला खेळही गेजवर दिसतो आणि चांगल्या फ्लायव्हीलला तुम्ही वाकडं ठरवता. मर्यादा तुमच्या गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधली धरा. बऱ्याच कारना ती ०.१ ते ०.२ मिलिमीटरच्या दरम्यान असते. ०.१ मिलिमीटर म्हणजे वहीचं एक पान. एवढासा वाकडेपणा पायाला पॅडलवर जाणवतो.

मग रिंग. प्रत्येक दात बघायचा, आणि जिथे खाल्लेला दिसेल तिथे खडूने खूण करायची. मामांच्या गाडीत खडूच्या खुणा अगदी समोरासमोर आल्या. मी त्यांना बोलावून दाखवल्या. ते बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "म्हणजे सेल्फचा दोष नव्हताच की हो, उस्ताद."

ड्युअल मास फ्लायव्हील असेल तर तोंडाबरोबर स्प्रिंगाही तपासा. वरचं चाक हाताने डावी-उजवीकडे फिरवा, स्प्रिंगचा दाब लागेपर्यंत किती सैल फिरतं ते कंपनीने दिलेल्या मापाशी ताडून बघा. मग दोन्ही बाजूंनी धरून हलवून बघा, डुलता कामा नये. कडेने ग्रीस बाहेर आलं असेल तर ते गेलं समजा. असं फ्लायव्हील सहसा फेसिंग मारून, म्हणजे तोंडाचा पातळ थर मशीनवर कापून, वापरता येत नाही, बदलावंच लागतं, आणि किंमत साध्याच्या कित्येक पट असते. ग्राहकाला हे गिअरबॉक्स उतरवायच्या आधीच सांगून ठेवावं.

साध्या फ्लायव्हीलला तीन वाटा असतात. डाग उथळ, तडे नाहीत, जाडी कंपनीच्या किमान मापापेक्षा पुरेशी जास्त, तर फेसिंग मारून घ्या. शक्यतो ग्राइंडिंगच्या मशीनवर. लेथचं टूल कडक डागावरून उचललं जातं आणि उंचवटा राहतो, दगड मात्र तोही कापतो. प्रेशर प्लेट बसते ती कड आणि घासणारं तोंड यांच्यात पायरी असेल, तर दोन्हीकडून सारखंच कापायला सांगा. फक्त तोंड कापलं तर प्रेशर प्लेटची पकड बदलते.

तोंड चांगलं आणि नुसती रिंग गेली असेल तर रिंग बदलता येते. जुनी रिंग दोन दातांच्या मध्ये ड्रिल मारून छिन्नीने फोडतात. नवी सगळीकडून सारखी तापवायची, साधारण २०० अंशांपर्यंत, आणि थंड फ्लायव्हीलवर ठेवायची. थंड होताना ती आवळून बसते. गॅसने तापवत असाल तर रंगावर लक्ष ठेवा. फिकट पिवळी झाक दिसली की बस. निळी झाली तर दातांचा कडकपणा गेला, ती वापरू नका. दातांची तासलेली बाजू सेल्फकडे आली पाहिजे.

तडा गेला असेल तर मात्र चर्चाच नको. मामा म्हणाले, "घासून नाही का चालणार, उस्ताद? सीझन आहे." मी त्यांचं बोट धरून त्या तड्यावरून फिरवलं आणि म्हटलं, "मामा, हे चाक मिनिटाला तीन-चार हजार फेरे घेतं, आणि तुमचे पाय त्याच्यापासून हातभर लांब असतात." नवं फ्लायव्हील मागवलं.

जुनं काढताना क्रँकच्या तुलनेत त्याची जागा खुणेने पक्की करा. काही गाड्यांत भोकं मुद्दाम असमान असतात, काहींत जागा ठरवणारी पिन, म्हणजे डॉवेल असते, काहींत काहीच नसतं. शेवटचा बोल्ट काढताना खाली हात आणि पाय ठेवू नका, दहा-बारा किलोचं लोखंड पडतं. मग नवं-जुनं शेजारी ठेवून भोकं, उंची आणि दातांची संख्या जुळवा. एका दाताला खडू लावून मोजायला सुरुवात करा, म्हणजे चुकत नाही. सेन्सरच्या खाचा असतील तर त्याही बघा.

आता एवढं उघडलंच आहे तर मागचं ऑइल सील आणि इनपुट शाफ्टचं टोक ज्यात बसतं ते क्रँकच्या मध्यातलं पायलट बेअरिंग नवं घाला. दोन्ही स्वस्त आहेत, त्यांच्यासाठी पुन्हा गिअरबॉक्स उतरवणं महागात जातं.

नव्या फ्लायव्हीलला गंज धरू नये म्हणून तेलाचा थर असतो, तो ब्रेक क्लीनरने पूर्ण काढा आणि नंतर तोंडाला बोट लावू नका. क्रँकचं तोंडही साफ करा. तिथे वाळूचा एक कण राहिला तरी डायल गेजवर दिसतो. बोल्ट नवेच वापरा. अनेक गाड्यांत ते एकदाच ताणून बसवायचे असतात. बऱ्याच इंजिनांत बोल्टची भोकं थेट आत तेलापर्यंत उघडतात, म्हणून आट्यांना लॉकिंग सीलंट लावायचं, नाहीतर सील नवं असूनही तेल झिरपतं. टॉर्क रिंचने समोरासमोरचे बोल्ट टप्प्याटप्प्याने आवळा, आकडा तुमच्या गाडीच्या मॅन्युअलमधला. अंदाजाने आवळायची ही जागा नाही. आवळून झाल्यावर डायल गेज पुन्हा एकदा फिरवा. नवा पार्टही वाकडा बसू शकतो.

प्लेटवर कोणती बाजू फ्लायव्हीलकडे ते छापलेलं असतं. सेंटरिंगच्या दांड्याने ती मधोमध धरून प्रेशर प्लेटचे बोल्ट समोरासमोरचे घेत आवळा. इनपुट शाफ्टच्या दात्यांना ग्रीसचं नुसतं बोट पुसा, जास्त झालं तर ते उडून प्लेटवर जातं. गिअरबॉक्स शेवटचा बोटभर आत जात नसेल तर बोल्टने ओढू नका. शाफ्ट थोडा फिरवा, गिअरबॉक्स थोडा डुलवा, तो आपोआप सरकून बसतो.

संध्याकाळी मामांची गाडी पहिल्या सेल्फला चालू झाली. मी त्यांना बजावून सांगितलं की पहिले ५०० किलोमीटर अर्ध्याच क्रेट, तेही सुरूरच्या बाजूला सपाटीला, घाट नको, म्हणजे प्लेट आणि फ्लायव्हील एकमेकांवर नीट बसतील. ते मानतील असं वाटलं नव्हतं, पण त्यांनी आठवडाभर घाटाचा माल पुतण्याच्या गाडीतून पाठवला. मग गाडी दाखवायला आले तेव्हा मी रात्रभर बेल हाउसिंगच्या तळाखाली पांढरा कागद अंथरून ठेवला. सकाळी तो कोराच होता, आणि मामा पूर्ण क्रेट भरून पाचगणीकडे निघाले.